पिवळी काकू

काकू जागची हलायची नाही. सकाळी बघावं तर तीच फांदी, संध्याकाळी बघावं तर तीच फांदी, आणि चार दिवसांनी बघावं तरी तोच वेटोळ्यांचा ढीग आणि त्यावर टेकवलेलं ते त्रिकोणी डोकं. गॅलरीत बसून येणाऱ्या-जाणाऱ्यांवर नजर ठेवणाऱ्या, कुणाकडे काय शिजतंय ते जागेवरून न उठता सांगणाऱ्या बायका असतात ना, त्यातली ती. म्हणून ह्यांनी तिचं नाव काकू ठेवलं होतं. काचपेटीवरच्या पाटीवर मात्र नुसतं 'चापडा' होतं, त्याखाली कुणालाच वाचता न येणारं एक लांबलचक नाव, आणि त्याखाली लाल अक्षरांत 'विषारी'.

आमचे हे प्राण्यांच्या बागेतलं सापघर सांभाळायचे. मिसरूड फुटलं तेव्हा झाडू मारायला म्हणून तिथे शिरले आणि तिथलेच झाले. लोक त्यांना सापबुवा म्हणत. मला सुरुवातीला सापबुवाची बायको म्हणत, पण बागेच्या मागच्या गल्लीत मी इस्त्रीचं दुकान टाकलं आणि माझं तोंड किती तिखट आहे ते एकदा गल्लीला कळलं, तेव्हापासून ह्यांनाच इस्त्रीवालीचा नवरा म्हणायला लागले. ह्यांना त्याचं काही वाटलं नाही. सापघरात त्यांचा शब्द चालायचा आणि घरात माझा, अशी आमची वाटणी होती. एकुलती एक लेक लग्न होऊन दुसऱ्या गावी गेली, तरी ती वाटणी तशीच राहिली.

"चापडा म्हणजे एक साप नव्हे, ते खानदान आहे खानदान," असं हे आलेल्या पोराटोरांना सांगायचे. आणि खरंच, सापघराची एक अख्खी भिंत त्या खानदानाने अडवली होती. एक हिरवागार, बांबूवर पडलेला, बोट नेमकं त्याच्यावर रोखलं तरी लोकांना दिसायचा नाही. एक नकटा, म्हणजे नाकाचं टोक वर उचललेलं, नवीन सुनेला नाकं मुरडणाऱ्या सासूसारखं. तो वाळक्या पाल्यात पडून राहायचा. लहान असताना शेपटीचं टोक अळीसारखं वळवळवायचा, अळी समजून बेडूक जवळ आला की संपला बेडूक. एक लांबून आणलेला, शेपटीला खुळखुळा असलेला, नाकावर माशी बसू न देणारा. आणि एक जाडजूड बाई होती, तिची तऱ्हाच वेगळी. बाकीच्या सगळ्या जिवंत पिल्लं घालणाऱ्या, ही एकटी अंडी घालायची आणि ती फुटेपर्यंत त्यांच्याभोवती विळखा घालून उपाशी बसायची.

पोरं विचारायची, ह्याला चार नाकपुड्या कशा? मग हे खुलायचे. डोळा आणि नाकपुडी यांच्या मधोमध जो खळगा असतो, तीच तर चापड्याची खूण. त्या खळग्याने त्याला ऊब कळते. मिट्ट काळोख असू दे, उंदीर कुठे बसलाय, केवढा आहे, कुठल्या बाजूने पळतोय, सगळं कळतं. "काळोखात आपण सगळे त्याला पेटल्या शेगडीसारखे," असं हे म्हणायचे, आणि मी दारात डबा घेऊन उभी असले तर माझ्याकडे बघून, "काही जण उजेडातसुद्धा," असंही म्हणायचे. पोरं हसायची. मी डबा आपटून निघून यायची. चारचौघांत बायकोची थट्टा करणारा माणूस हा!

काकू ह्यांची जीव की प्राण. कुठल्याशा केळ्यांच्या घडातून पेन्सिलीएवढं पिल्लू निघालं, व्यापाऱ्याने भीतीने घडासकट टोपलं बागेच्या दारात आणून टाकलं. हे ते पिल्लू वाढवत बसले. तिच्या जातीत रंगांचा काही भरवसा नसतो. कुणी हिरवं, कुणी तपकिरी, कुणी करडं, आणि क्वचित एखादं पिवळंधमक. काकू पिवळी निघाली. एकाच आईच्या पोटी वेगवेगळ्या रंगांची पिल्लं येतात, हे ह्यांना पुस्तकातून माहीत होतं, पण डोळ्यांनी बघायचं होतं. दरवर्षी तिच्या पेटीत नर सोडायचे, दरवर्षी काहीच व्हायचं नाही. मी म्हणायची, "अहो, तिला नसेल हौस. प्रत्येक बाईला असतेच असं नाही." आणि मग, काकूचं वय झालं असं सगळे धरून चालले असताना, एका हिरव्या नरापासून तिला दिवस गेले. त्या दिवशी हे दुकानात आले ते गिऱ्हाईकासमोरच मला म्हणाले, "अगं, काकूला राहिलं!" गिऱ्हाईक बिचारं माझ्याकडे बघतच राहिलं. कुठली काकू, तिचं वय काय, आणि ह्या बाप्याला कसला एवढा आनंद!

चपलेची गोष्ट त्याच सुमाराची. हे कामावरून घरी आले ते एकाच पायात चप्पल घालून. दुसरी कुठे म्हणून विचारलं तर खाली बघितलं आणि स्वतःच चकित झाले. चप्पल पायातून गेलेली त्यांना कळलीच नव्हती. शोधत गेले तर बागेच्या फाटकापाशी सापडली, म्हणजे तिथपासून अख्खा खडीचा रस्ता हा माणूस एका अनवाणी पायाने तुडवत आला होता. मी पोट धरून हसले. गल्लीतल्या चार जणींना सांगूनही आले. आज ते आठवलं की माझी मलाच चीड येते, पण तेव्हा कुणाला माहीत होतं?

माहीत झालं ते इस्त्रीमुळे. जेवणाच्या सुट्टीत हे दुकानात येऊन बसायचे. मी शर्टाची कॉलर सरळ करत होते, हे टेबलाला हात टेकून काकूच्या पोटाचा घेर सांगत होते. मला वास आला. कापड करपल्याचा वास मला झोपेतसुद्धा ओळखू येतो, तो नव्हता. वळून बघते तर ह्यांच्या उजव्या हाताची दोन बोटं इस्त्रीच्या पत्र्याला लागून होती आणि हे हसत बोलतच होते. मी हात ओढला. बोटांची कातडी पांढरी पडली होती. आणि ह्यांच्या तोंडावर दुखल्याची एक रेघ नाही!

"कधीपासून?" मी विचारलं.

"काय कधीपासून?"

"सोंग करू नका. बोटं कधीपासून गेलीत?"

हळूहळू बाहेर आलं. साखरेचं दुखणं बरीच वर्षं होतं, ते आम्हाला माहीत होतं. गोळी आठवली तर घ्यायची, नाहीतर राहिलं, असा कारभार. आधी तळपाय गेले होते. कापसावर चालल्यासारखं वाटायचं म्हणे, ह्यांना वाटलं वयाचं असेल. मग बोटांची टोकं. शर्टाची बटणं बघून लावावी लागायची. खिशातली किल्ली बोटांना सापडायची नाही, खिसा उलटा करावा लागायचा. मला काही सांगितलं नव्हतं. नसांच्या डॉक्टरकडे मी ओढूनच नेलं. त्याने टाचणीने टोचून बघितलं, हे डोळे मिटून 'हो हो' म्हणत राहिले आणि टाचणी तर त्याने केव्हाच बाजूला ठेवली होती. गेलेलं परत यायचं नाही, आहे ते सांभाळा, असं तो म्हणाला.

घरी आल्यावर मी म्हटलं, "उद्या जाऊन सांगा. डॉक्टरीणबाईंना सांगा."

डॉक्टरीणबाई म्हणजे बागेतल्या जनावरांची डॉक्टर. तरुण पोर, पण हुशार. ह्यांना ती काका म्हणायची. मला खरं तर काकू म्हणायला हवं होतं, पण ते नाव आधीच गेलेलं, म्हणून मावशी म्हणायची.

"सांगतो," हे म्हणाले. "काकूची पिल्लं होऊ दे, मग सांगतो."

"आणि तोवर चावली म्हणजे?"

"मला आजवर कुणी चावलंय का?"

"आजवर तुम्हाला बोटं होती!"

मलाच बोलून वाईट वाटलं. मग ह्यांनी आपले दोन्ही हात मिटून माझ्यापुढे धरले आणि म्हणाले, "झाकली मूठ सव्वा लाखाची. आज सांगितलं तर आजच मला बाहेर काढतील. काढायलाच हवं, मीसुद्धा काढलं असतं. पण तिची पिल्लं मला बघू दे. एवढं एकच बघू दे."

माझ्या जागी कुणीही असती तरी दुसरं काय म्हणाली असती? ह्या माणसाने सगळ्या जन्मात माझ्याकडे काही मागितलं नव्हतं. भाजीत मीठ कमी पडलं तरी मागून घ्यायचे नाहीत. मी म्हटलं, ठीक आहे. पण खाऊ घालायच्या दिवशी मी तिथे असणार.

कारण खाऊ घालणंच धोक्याचं. सापघरातले उंदीर बर्फातले, डीप फ्रीझरमधले. ते आधी विरघळवायचे, मग कोमट पाण्यात बुडवून गरम करायचे, पुसायचे, लांब चिमट्यात धरून सापापुढे हलवायचे. गार उंदराला चापडा ढुंकून बघत नाही, ऊब लागते त्याला. आणि उंदीर गार पडला असेल तर पेटीतली सगळ्यात गरम वस्तू कुठली? चिमटा धरलेला हात. चापड्याला दोष देण्यात अर्थ नाही, तो उबेवर झडप घालतो, ऊब कुणाची ते विचारत नाही. आणि काकूच्या जातीच्या विषावर बागेच्या कपाटातलं इंजेक्शन नीटसं लागू पडत नव्हतं. ते दुसऱ्या सापांसाठी बनवलेलं. हे आपले स्वतःच ते पोरांना हसत हसत सांगायचे.

मग मी जायला लागले. उंदीर हातात घ्यायची. मला, जिला घरात पाल दिसली तर खुर्चीवर चढावं लागायचं, तिला! मनगटाच्या आतल्या बाजूला टेकवून बघायची, 'आता द्या' म्हणायची आणि हे चिमट्यात धरायचे. इस्त्री किती तापली ते बोटाने ओळखण्यात माझी हयात गेली, त्यामुळे उंदराची ऊब ओळखणं माझ्या हातचा मळ होता. हे म्हणायचे, "तुला बागेने पगार द्यायला हवा." मी म्हणायची, "आधी तुमच्या अक्कलहुशारीचा पगार कापून घ्यायला हवा."

एकदा मात्र जिवाचं पाणी झालं. उंदीर चिमट्यात होता, तेवढ्यात कुणीतरी दार वाजवलं, हे बोलायला वळले, बोलणं लांबलं. परत आले ते तसेच पेटीजवळ. काकूने डोकं उचललं. मी तिच्याकडे बघत होते. ती उंदराकडे बघतच नव्हती. तिचं डोकं चिमट्याच्या कडेकडेने हळूहळू वर, ह्यांच्या मुठीकडे वळत होतं, मानेचा इंग्रजी एस झाला होता. मी ह्यांचा शर्ट मागून धरून असा ओढला की आम्ही दोघेही बादलीवर पडलो. चिमटा पेटीत पडला, त्यावर टक्कन आवाज झाला. तो आवाज ह्यांच्या हाडावर व्हायचा होता.

त्या दिवशी मी रडले. सापघराच्या ओल्या फरशीवर बसून, मोठ्याने. हे माझ्या पाठीवरून हात फिरवत होते आणि मला एकच सुचत होतं, की ह्यांना माझी पाठसुद्धा कळत नाहीये. तेही मी बोलून दाखवलं. फिरणारा हात थांबला.

पुढे दिवस भरत आले तसं काकूने खाणंच सोडलं. पोटुश्या माद्या शेवटी शेवटी खात नाहीत म्हणे. मला हायसं वाटलं. आता चिमटा नाही, उंदीर नाही, पेटीत हात घालायचं कारणच नाही. पाणी शिंपडायचं आणि वाट बघायची. ह्यांना तर सण असल्यासारखं झालं होतं. पिल्लांसाठी छोट्या डब्या धुऊन ठेवल्या, झाकणांना भोकं पाडली. भोकं मीच पाडली, त्यांना दाभण धरवेना. "दोन हिरवी नक्की," असं हे म्हणायचे. "एक तपकिरी. आणि एक तरी पिवळं निघू दे."

आणि काकूचं तोंड आलं. माणसांचं येतं तसंच, पण सापांना ते बाधतं. ओठांच्या कडेला सूज, आत पिवळसर घाण. डॉक्टरीणबाईने भिंग लावून बघितलं आणि म्हणाली, साफ करून औषध लावायलाच हवं, नाहीतर आई जाईल आणि पिल्लंही जातील. पोटात पिल्लं असताना गुंगी द्यायची नाही. एरवी पारदर्शक नळीत डोकं घालून साप धरतात, तसं भागायचं नाही, कारण तोंड उघडायचं आहे. म्हणजे मान हातात धरायची.

"काका, तुम्ही धरा," ती म्हणाली. "दुसऱ्या कुणाच्या हातात मी तिला देणार नाही."

मी तिथेच होते. डबा घेऊन गेले होते. ह्यांनी माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली, नाही म्हणून. स्पष्ट हलवली. एक शब्द तोंडातून काढायचा होता त्यांनी. डॉक्टरीणबाई काही राक्षसीण नव्हती, तिने दुसरी वाट काढली असती. पण मला त्यांचा चेहरा आजही दिसतो. 'दुसऱ्या कुणाच्या हातात देणार नाही' हे वाक्य ऐकून तो चेहरा असा उजळला होता, की त्या माणसाला त्या क्षणी आपली बोटं शाबूत आहेत असंच वाटलं असणार.

मला वाटलं, आता चावणार. देवा, आता चावणार. मी डबा छातीशी घट्ट धरला.

ह्यांनी साप उचलायच्या आकड्याने काकूला फांदीवरून उचललं, टेबलावर ठेवलं, आकड्यानेच डोकं हलकेच दाबलं आणि मान धरली. अंगठा जबड्याच्या एका कोपऱ्यावर, मधलं बोट दुसऱ्या कोपऱ्यावर, आणि पहिलं बोट डोक्यावर. तसं धरायला त्यांनी कितीतरी जणांना शिकवलं होतं. हातमोजा कधी घालायचे नाहीत, मोज्यातून मान कळत नाही म्हणायचे. "अंडं धरतो तसं धरायचं. फुटायला नको आणि निसटायला नको." दुसऱ्या हाताने तिचं जड अंग पेललं होतं. सगळं अगदी नेहमीसारखं. बघणाऱ्याला काही शंका आली नसती.

डॉक्टरीणबाईने कापसाने तोंड साफ करायला घेतलं. काकू वळवळली, शेपटी ह्यांच्या मनगटाभोवती आवळली.

"काका, जरा सैल," डॉक्टरीणबाई म्हणाली.

"सैलच धरलंय."

ती पुन्हा कामाला लागली. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाली, "अजून सैल, काका."

"सैलच आहे, बाई. तुम्ही करा."

ह्यांच्या नखांखालचा रंग पांढरा झाला होता. तो मी बघितला. इतकी वर्षं लोकांची कापडं ताणून धरणारी बाई मी, दाबलेल्या बोटाचा रंग मला कळतो. मी "अहो!" म्हणून ओरडले. पण तोवर मनगटाभोवतीची शेपटी सुटली होती. नुसती सुटली नव्हती, टेबलाच्या कडेवरून खाली लोंबत होती.

डॉक्टरीणबाईचा हात थांबला. ती खूप हळू म्हणाली, "काका, हात काढा."

ह्यांनी हात काढला. काकूचं डोकं जसं ठेवलं तसं राहिलं, एका बाजूला कललेलं. आणि हे म्हणाले, "काय झालं हिला? मी तर सैलच धरलं होतं."

साप चावेल म्हणून मी इतके दिवस जीव मुठीत धरून होते. चावला असता तर परवडलं असतं, असं म्हणू नये, पण त्या क्षणी मला तसंच वाटलं.

डॉक्टरीणबाईने वेळ घालवला नाही. तिने पोट उघडलं. आत पातळ पारदर्शक पिशव्या, एकेका पिशवीत एकेक पिल्लू, शिवणाच्या दोऱ्याची लडी असावी तेवढं. तिने पिशव्या फाडल्या. काही हललीच नाहीत. चार हलली. पिशवीतून बाहेर येताच त्यांतल्या एकाने तोंड उघडून दात दाखवले, एवढंसं ते.

"काका, बघा," ती म्हणाली. तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं. "काका, रंग बघा."

हे भिंतीशी जाऊन उभे राहिले होते. दोन्ही हात काखेत घट्ट कोंबलेले. त्यांनी भिंतीकडेच तोंड करून विचारलं, "किती?"

"चार जगली. दोन हिरवी, एक तपकिरी..."

"आणि पिवळं?"

"चौथं करडं. पिवळं गेलेल्यांत आहे."

हे भिंतीशीच म्हणाले, "बाई, माझी बोटं मेलीत. मला काही कळत नाही हातांनी. मी तुम्हाला सांगितलं नाही." आणि कमरेचा किल्ल्यांचा जुडगा काढायला गेले, पण त्याचा आकडा त्यांना बोटांनी सुटेना. शेवटी मी पुढे होऊन काढला आणि टेबलावर ठेवला, काकूच्या शेजारी.

डॉक्टरीणबाई घरी आली होती नंतर, दोनतीनदा. ती रागावली नव्हती, ते जास्त वाईट. "पिल्लं छान आहेत, काका. फक्त बोलायला या, पोरांना माहिती सांगायला या. तुमच्यासारखं कुणाला सांगता येत नाही." हे म्हणाले, "येतो की. ती 'विषारी'ची लाल पाटी मात्र माझ्या गळ्यात अडकवा." ती हसली नाही, मीही नाही. हे गेलेही नाहीत. बागेच्या बाजूचा रस्ता सोडून लांबच्या रस्त्याने बाजारात जायला लागले. गल्लीत कुणीतरी उठवलं, सापबुवाला साप डसला म्हणून नोकरी सुटली. विचारायला आलेल्या एका बाईला मी दुकानातून हाकलून दिलं, तिच्या साड्यांसकट. त्यांच्या लेखी सापाने माणसाला मारलं तरच ती गोष्ट, आणि हे सापाला रडतायत हे कुणाला पटणार होतं? मग मी कुणाला काही सांगितलंच नाही.

हे मात्र बदलले. घरातली कुठलीही वस्तू उचलण्याआधी विचारायला लागले, "ही घेऊ ना?" पेला दोन हातांनी धरायचे आणि पुन्हा पुन्हा विचारायचे, फार घट्ट नाही ना धरलाय? स्टीलचा पेला तो, त्याला काय होणार होतं? पण मी दर वेळी म्हणायची, "नाही हो. बरोबर धरलाय." माझ्या तिखट तोंडाला त्या दिवसांत काय झालं होतं कोण जाणे.

पुढच्या वर्षी लेकीला मुलगी झाली. महिना उलटल्यावर लेक तिला घेऊन आली. बापाची लाडकी ती, दारातूनच, "बाबा, धरा बघू तुमच्या नातीला!" म्हणत पुढे झाली. ह्यांनी हात मागे घेतले. "नको. तुझ्या आईकडे दे." लेकीला वाटलं बाबा संकोचतायत. तिने पुन्हा पुढे केली. "दे म्हटलं ना तिच्याकडे!" असे ओरडले की बाळ दचकून रडायला लागलं. लेकीचे डोळे भरून आले. बोटांचं दुखणं तिला ठाऊक होतं, काकूचं काही आम्ही सांगितलंच नव्हतं. मी तिला आतल्या खोलीत नेलं आणि सगळं सांगितलं.

लेकीने डोळे पुसले, बाळाला पाजलं, आणि ते झोपल्यावर बाहेर आली. हे खुर्चीवर बसले होते. काही न विचारता तिने बाळ त्यांच्या मांडीवर ठेवलं, दोन्ही बाजूंना उशा लावल्या आणि आम्हा दोघांकडे न बघता घोटभर पाणी प्यायला निघून गेली.

ह्यांनी दोन्ही हात वर उचलले होते. खांद्यांच्या वर, तळवे पुढे, कुणी दम देऊन उभं केलेल्या माणसासारखे. मांडीवर ते एवढंसं पोर झोपलेलं, ओठ चोखत, आणि हा माणूस श्वाससुद्धा जपून घेत त्याच्याकडे बघतोय. डोळ्यांतून पाणी चाललंय, ते पुसायलासुद्धा हात खाली आणवत नाहीत. मी जवळ गेले.

"अहो, दमाल. हात खाली ठेवा."

"कुठे ठेवू?" त्यांनी विचारलं.

खरंच विचारत होते. मला सांगता आलं नाही. मी त्यांच्या मागे जाऊन उभी राहिले आणि ते दोन्ही हात मनगटाशी धरून ठेवले, बाळ जागं होईपर्यंत.